परस्पर ताबा

नवी दिल्ली रेल्वे स्थानकाला दोन तोंडे आहेत. एक पहाडगंजकडे उघडते, दुसरे अजमेरी गेटकडे. या दोन तोंडांतून रोज जी अफाट गर्दी आत-बाहेर होत असते, तिच्यातला कोण कोठून आला, कोणत्या गाडीने आला, हे विचारण्याची कोणाला गरज पडत नाही. एका माणसाच्या बाबतीत मात्र १९९४ साली नेमका हाच प्रश्न उपस्थित झाला, आणि त्याची परस्परांशी न जुळणारी दोन उत्तरे आजही नोंदलेली आहेत.

५ ऑगस्ट १९९४ रोजी याकूब मेमन याला या स्थानकावर अटक करण्यात आली, ही सीबीआयची नोंद. १२ मार्च १९९३ च्या दुपारी मुंबईत लागोपाठ बाँबस्फोट झाले आणि २५७ माणसे प्राणास मुकली. त्या कटाचा हा एक प्रमुख आरोपी. वर्षभराहून अधिक काळ ज्याचा शोध चालला होता, असा माणूस राजधानीच्या मध्यवस्तीतल्या स्थानकावर आयताच पोलिसांच्या हाती लागला, ही हकिगत ऐकून त्या वेळीही अनेकांच्या भुवया उंचावल्या होत्या. याकूबचे म्हणणे निराळे होते. आपण कराचीहून काठमांडूला आलो, २८ जुलै रोजी तेथेच नेपाळी पोलिसांच्या ताब्यात गेलो आणि तेथून भारताच्या स्वाधीन झालो, असे तो सांगत राहिला. दोन हकिगतींत अंतर आठ दिवसांचे, आणि एका आंतरराष्ट्रीय सीमेचे.

आपण म्हणाल, २५७ घरांत ज्या दिवशी अंधार झाला त्या गुन्ह्याचा आरोपी हाती आला, हे महत्त्वाचे. तो कोणत्या फलाटावर किंवा कोणत्या देशात सापडला, याची पंचाईत कशाला? हा सवाल उडवून लावण्यासारखा नाही. स्फोटात ज्याचा मुलगा गेला, त्याने तो केला तर त्याला उत्तर देणेही सोपे नाही. परंतु इतिहासाच्या अभ्यासकाला हा सवाल ओळखीचा वाटतो. शंभराहून अधिक वर्षांपूर्वी तो असाच, जवळजवळ याच शब्दांत विचारला गेला होता. त्या वेळी सवाल करणारे सरकार इंग्रजांचे होते आणि ज्याच्याविषयी तो केला गेला तो आरोपी नाशिक जिल्ह्यातल्या भगूरचा होता.

आरोपी एका देशात आहे आणि त्याच्यावर खटला दुसऱ्या देशात भरावयाचा आहे, अशा वेळी दोन वाटा असतात. एक वाट कायद्याची. एका सरकारने दुसऱ्या सरकारकडे रीतसर मागणी करावयाची, पुरावा पाठवावयाचा, तेथल्या न्यायाधीशाने तो पाहावयाचा, आरोपीने आपले म्हणणे मांडावयाचे, आणि मग ताबा द्यावयाचा किंवा नाकारावयाचा. याला प्रत्यर्पण म्हणतात. दुसरी वाट आडवळणाची. तिच्यात न्यायाधीश नाही, पुरावा नाही, अर्ज नाही. या दुसऱ्या वाटेला आपल्या भाषेत एक नेमका शब्द आहे : परस्पर. हा शब्द मोठा मार्मिक आहे. ‘एकमेकांशी’ हा त्याचा एक अर्थ, आणि ज्याला विचारावयास हवे त्याला न विचारता, हा दुसरा. दोन देशांचे पोलीस जेव्हा न्यायालयाला वगळून माणसाची देवघेव करतात, तेव्हा या शब्दाचे दोन्ही अर्थ एकाच वेळी खरे होतात.

आता १९१० सालाकडे वळू. २१ डिसेंबर १९०९ रोजी नाशिकच्या विजयानंद नाट्यगृहात ‘शारदा’ नाटकाच्या प्रयोगाला आलेल्या कलेक्टर जॅक्सन यांच्यावर अनंत कान्हेरे या तरुणाने पिस्तूल झाडले. हे पिस्तूल लंडनहून विनायक दामोदर सावरकर यांनी पाठविलेल्या पिस्तुलांपैकी होते, असे सरकार पक्षाचे म्हणणे. सावरकर तेव्हा युरोपात होते. १३ मार्च १९१० रोजी पॅरिसहून लंडनला परत येताच व्हिक्टोरिया स्थानकावर त्यांना पकडण्यात आले. येथेही अटक झाली ती रेल्वेच्या फलाटावरच; परंतु ही अटक खरोखर झाली होती, तिच्या तारखेबद्दल वाद नाही. १८८१ च्या फरारी आरोपींविषयीच्या कायद्याखाली त्यांना हिंदुस्थानात पाठवावे असा हुकूम मॅजिस्ट्रेटने केला, त्यावर वरच्या न्यायालयांत दाद मागितली गेली, ती फेटाळली गेली. इथपर्यंत सारे कायद्याच्या चाकोरीतून चालले होते, हे मान्य केले पाहिजे. खटला इंग्लंडात न चालविता हिंदुस्थानात चालविण्यात सरकारची सोय होती, हेही तितकेच खरे. १९०८ च्या कायद्याने येथे तीन न्यायमूर्तींचे खास न्यायासन बसविता येत असे; त्याच्यापुढे ज्यूरी नसे, आणि त्याच्या निकालावर अपीलही नसे.

१ जुलै १९१० रोजी ‘मोरिया’ ही बोट सावरकरांना घेऊन इंग्लंडहून निघाली. तत्पूर्वी दोन दिवस, म्हणजे २९ जून रोजी, एक पत्र लंडनहून पॅरिसला गेले होते. या सबंध प्रकरणात मला सर्वांत बोलका कागद वाटतो तो हाच. हे पत्र ब्रिटिश परराष्ट्रमंत्र्याने फ्रेंच परराष्ट्रमंत्र्याला लिहिलेले नव्हते. ते लंडनच्या पोलीस प्रमुखाने फ्रेंच पोलीस खात्याच्या प्रमुखाला लिहिले होते. अमुक बोटीवर हिंदुस्थानात पाठविला जाणारा एक कैदी आहे, बोट मार्सेलिसला थांबेल, तेव्हा तेथे काही गडबड होऊ नये अशी व्यवस्था व्हावी, असा त्याचा आशय. पॅरिसच्या अधिकाऱ्याने त्याप्रमाणे सूचना दिल्या. वकील नाही, मंत्री नाही, संसद नाही. एका खात्याने दुसऱ्या खात्याशी सलोख्याने केलेला हा व्यवहार होता, आणि कोणत्याही कचेरीत रोज होणाऱ्या पत्रव्यवहाराइतका तो साधा दिसत होता.

‘मोरिया’ ७ जुलैच्या संध्याकाळी मार्सेलिसच्या बंदरात आली. ८ जुलैच्या सकाळी सावरकर शौचकूपाच्या गवाक्षातून समुद्रात उतरले, पोहत धक्क्याला लागले आणि धावत सुटले. पुढे काय झाले, हे प्रत्येक मराठी घराने ऐकलेले आहे. किंबहुना इतक्या वेळा ऐकलेले आहे की, त्या उडीच्या तेजात त्यानंतरचे काही क्षण आपल्या दृष्टीआड झाले आहेत. आजच्या विषयाला मात्र उडीपेक्षा तेच क्षण महत्त्वाचे आहेत. धावणाऱ्या सावरकरांना बोटीवरच्या पहारेकऱ्यांनी पकडले नाही. त्यांना पकडले पेस्की नावाच्या एका फ्रेंच पोलीस शिपायाने, फ्रान्सच्या भूमीवर. बोटीवरून तिघेजण मागोमाग धावत आले होते. त्यांनी हात लावला, आणि सर्वांनी मिळून कैद्याला पुन्हा बोटीवर नेले. दुसऱ्या दिवशी, ९ जुलैला, बोट निघून गेली.

फ्रान्सची भूमी लागली त्या घटकेस परिस्थिती कायद्याने पार पालटली होती. इंग्लंडातल्या न्यायालयाचा हुकूम तेथे चालत नव्हता. सावरकर ब्रिटिशांना हवे असतील तर फ्रान्सकडे त्यांची मागणी करावयास हवी होती, आणि इंग्लंड-फ्रान्स यांच्यातील १८७६ च्या करारात राजकीय गुन्ह्यांसाठी आरोपी न देण्याची तरतूद होती. म्हणजे मागणी केली असती तर फ्रेंच न्यायालयाला विचार करावा लागला असता : जॅक्सनचा खून आणि पिस्तुले हा साधा गुन्हा, की परकी सत्तेविरुद्धचा राजकीय लढा? उत्तर काय आले असते, याबद्दल आज तर्क लढविण्यात अर्थ नाही. प्रश्न विचारला जाण्याचीच संधी पेस्कीच्या हाताने हिरावून घेतली, एवढे मात्र नक्की. त्या बिचाऱ्याला यातले काही ठाऊक नव्हते. धक्क्यावर एक माणूस ओलाचिंब पळतो आहे आणि मागून ‘पकडा’ असा ओरडा होतो आहे, तेव्हा कोणताही शिपाई जे करील तेच त्याने केले.

फ्रान्समध्ये गहजब झाला. समाजवादी पुढारी झाँ झोरेस आणि त्यांचे ‘ल्युमानिते’ हे पत्र यांनी हा प्रश्न हाती घेतला. कार्ल मार्क्सचे नातू झाँ लाँगे यांनीही लेखणी चालविली. पॅरिसमध्ये मादाम कामा होत्याच. फ्रेंच सरकारला कैदी परत मागणे भाग पडले, ब्रिटिश सरकारने नकार दिला, आणि २५ ऑक्टोबर १९१० रोजी हा वाद हेगच्या लवादाकडे सोपविण्याचा करार झाला. बेल्जमचे बेर्नार्ट अध्यक्ष, आणि फ्रान्स, इंग्लंड, नॉर्वे व हॉलंड येथले एकेक सदस्य, असे पाच जणांचे मंडळ. त्यांच्यापुढे फ्रान्स होता आणि इंग्लंड होते. ज्याच्याविषयी वाद, तो माणूस मात्र त्यात पक्षकारच नव्हता.

तो माणूस त्या वेळी मुंबईत होता. सर बेसिल स्कॉट, नारायण गणेश चंदावरकर आणि हीटन या तीन न्यायमूर्तींपुढे नाशिक कटाचा खटला चालू झाला होता. आपल्याला फ्रान्सच्या भूमीवरून बेकायदा आणले आहे, तेव्हा या न्यायालयाला आपल्यावर अधिकारच नाही, असे सावरकरांचे म्हणणे. न्यायालयाने त्याचे जे उत्तर दिले, ते लक्षात ठेवण्यासारखे आहे. आरोपी न्यायालयापुढे हजर आहे आणि त्याच्यावर दंडसंहितेखालील आरोप आहे. एवढे असले म्हणजे त्याला परदेशातून बेकायदा आणले या तक्रारीचा बचाव म्हणून उपयोग होत नाही, असा त्याचा सारांश. डिसेंबर १९१० मध्ये जन्मठेप काळ्या पाण्याची एक शिक्षा झाली, ३० जानेवारी १९११ रोजी दुसरी. हेगचा निकाल लागावयाचा होता. तो २४ फेब्रुवारीला लागला, म्हणजे दुसऱ्या शिक्षेनंतर पंचवीस दिवसांनी.

हेगच्या पंचांनी काय म्हटले? दोन्ही बाजूंचे लोक सद्भावाने वागले, कोणी बळजबरी किंवा लबाडी केली नाही, असे त्यांनी ठरविले. पॅरिसला गेलेले ते पत्र येथे इंग्लंडच्या कामास आले. फ्रेंच पोलिसांकडे आधीच सहकार्य मागितले होते, तेव्हा फ्रेंच शिपाई आपल्या वरिष्ठांच्या इच्छेप्रमाणेच वागतो आहे, असे ब्रिटिश पोलिसांना वाटले तर त्यांत नवल नाही, हा त्यांचा युक्तिवाद. आणि पुढचे वाक्य याहून दूरगामी ठरले. त्या शिपायाच्या कृतीत काही चूक झाली असली तरी, परक्या सत्तेच्या नोकराने अशी चूक केल्यामुळे कैदी आपल्या ताब्यात आला, तर तो परत दिलाच पाहिजे, असा कोणताही नियम आंतरराष्ट्रीय कायद्यात नाही. म्हणजे चूक झाली असेल, पण ती दुरुस्त करण्याचे बंधन कोणावरही नाही. अनेक कायदेपंडितांनी या निकालावर तेव्हाच टीका केली. सावरकर त्याच वर्षीच्या जुलैत अंदमानला पोहोचले.

कायद्याच्या ग्रंथांत या विचाराला एक लॅटिन सूत्र आहे : ‘माले काप्तुस, बेने देतेंतुस’. धरले वाईट रीतीने, ठेवले योग्य रीतीने, असा त्याचा अर्थ. हे सूत्र केवळ इंग्रजांचे नव्हते. अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने १८८६ मध्येच ते उचलून धरले होते. कर नावाचा एक आरोपी शिकागोहून पेरू देशात पळाला. त्याला आणावयास गेलेल्या माणसाच्या खिशात प्रत्यर्पणाचे रीतसर कागदपत्र होते. ते त्याने कोणाला दाखविले नाहीत. सरळ करला उचलले आणि बोटीवर घातले. न्यायालयाने म्हटले, आमच्यापुढे आला ना, मग खटला चालेल. खिशात कायदेशीर कागद असताना माणूस ते बाहेर काढण्याची तसदी घेत नाही, याचे कारण उघड आहे. कागद दाखवला की समोरचा ‘नाही’ही म्हणू शकतो.

ज्या वर्षी हेगचा निकाल लागला, त्याच वर्षाच्या डिसेंबरात दिल्लीच्या दरबारात राजधानी कलकत्त्याहून येथे हलविण्याची घोषणा झाली. हिंदुस्थान सरकारचे जुने दप्तर आज जनपथावरच्या राष्ट्रीय अभिलेखागारात आहे. सत्ता बदलली की दप्तरे नव्या सरकारच्या ताब्यात येतात. परंतु दप्तरांबरोबर जुन्या सरकारच्या सवयीही येतात की काय, हा प्रश्न स्वतंत्र भारताला लवकरच पडला.

१९५४ साली कलकत्त्यात हान्स म्युलर या पश्चिम जर्मन नागरिकाला स्थानबद्ध करण्यात आले. जर्मनीत त्याच्यावर फसवणुकीचे आरोप होते आणि जर्मन वकिलातीला तो हवा होता. सरकारने प्रत्यर्पणाची वाट धरली नाही. परकीयांविषयीच्या १९४६ च्या कायद्याने त्याला देशाबाहेर काढण्याचे ठरविले. हे प्रकरण दिल्लीत सर्वोच्च न्यायालयापुढे आले. तेव्हा न्यायालय आपल्या आजच्या इमारतीत नव्हते. संसद भवनाच्याच वास्तूत बसत असे. निकाल लिहिला न्यायमूर्ती विव्हियन बोस यांनी. आपल्या नागपूरच्या उच्च न्यायालयाचे ते मुख्य न्यायाधीश होते. फेब्रुवारी १९५५ च्या या निकालात त्यांनी असे म्हटले की, प्रत्यर्पण आणि हद्दपारी या दोन भिन्न गोष्टी आहेत. परक्या नागरिकाला बाहेर काढण्याचा सरकारचा अधिकार पूर्ण आहे, आणि दोन मार्गांपैकी कोणता निवडावयाचा हे सरकारने ठरवावयाचे. मात्र त्यांनी एक भेद स्पष्ट केला. ज्याला नुसते देशाबाहेर काढावयाचे, तो येथून स्वतंत्र माणूस म्हणून निघतो. ज्याचे प्रत्यर्पण होते, तो कैदी म्हणून निघतो. पुढे कोणी त्याला वाटेत पकडले तर ती गोष्ट वेगळी. भेद बारीक आहे, आणि बोटीच्या जिन्यावर उभ्या असलेल्या माणसाला तो कितपत जाणवेल याची मला शंका आहे. तरीही तो भेद केला गेला, हे आठवणीत ठेवले पाहिजे. मार्सेलिसला तो कोणी केला नव्हता.

पुढे १९६२ चा प्रत्यर्पण कायदा झाला आणि ५ जानेवारी १९६३ पासून तो अंमलात आला. राजकीय स्वरूपाच्या गुन्ह्यासाठी कोणालाही परक्या देशाच्या हवाली करावयाचे नाही, असे त्यात लिहिले आहे. याच सुमारास दिल्लीत एक खटला गाजत होता. तारासोव नावाचा सोव्हिएट खलाशी नोव्हेंबर १९६२ मध्ये कलकत्ता बंदरात आपल्या जहाजावरून निसटून एका अमेरिकन जहाजावर गेला. त्याने सातशे रुपये चोरले, सबब त्याला आमच्या ताब्यात द्या, अशी सोव्हिएट सरकारची मागणी. पुन्हा बंदर, पुन्हा जहाज, पुन्हा पाण्यातून पळालेला माणूस! परंतु या वेळी धक्क्यावरून परस्पर कोणी त्याला परत नेले नाही. दिल्लीच्या मॅजिस्ट्रेटपुढे सुनावणी झाली, पुरावा तपासला गेला, आणि मार्च १९६३ मध्ये तारासोवची मुक्तता झाली. त्या वर्षी सोव्हिएट युनियनशी आपले संबंध जपणे दिल्लीला किती गरजेचे होते, हे चीनच्या आक्रमणानंतरचे दिवस आठवले म्हणजे कळते. तरीही मॅजिस्ट्रेटने आपले काम केले.

युरोपातही वारे बदलत होते. १९३५ मध्ये बेर्तोल्ड याकोब या पत्रकाराला नाझी हस्तकांनी स्वित्झर्लंडमधून पळवून नेले, तेव्हा स्विस सरकार हटून बसले आणि हिटलरच्या जर्मनीला त्याला परत करावे लागले. खुद्द इंग्लंडात १९९३ मध्ये, म्हणजे मार्सेलिसनंतर त्र्याऐंशी वर्षांनी, लॉर्डांच्या न्यायासनाने बेनेट या आरोपीच्या प्रकरणात म्हटले की, प्रत्यर्पणाची रीत डावलून आणलेल्या माणसावर खटला चालविण्यास न्यायालय नकार देऊ शकते. पोलिसांनी मार्ग कोणता धरला, याकडे डोळेझाक करणे न्यायालयाला शोभत नाही. १९१० मध्ये हे कोणी म्हणते, तर मराठी इतिहासाचे एक पान निराळे लिहिले गेले असते.

आणि तरीही, सप्टेंबर २००१ नंतर सगळेच मागे गेले. न्यूयॉर्कच्या हल्ल्यानंतर अमेरिकेने परस्पर ताब्याची एक सबंध यंत्रणाच उभारली. लंडनहून पॅरिसला गेलेल्या पत्राची जागा आता विमानांनी घेतली. कॅनडाचा एक अभियंता, माहेर अरार, सप्टेंबर २००२ मध्ये न्यूयॉर्कच्या विमानतळावर पकडला गेला आणि जॉर्डनमार्गे सीरियाच्या तुरुंगात पोहोचता झाला. त्याचे तेथे अतोनात हाल झाले. तो निर्दोष असल्याचे कॅनडाच्या चौकशी आयोगाने २००६ मध्ये सांगितले आणि सरकारने त्याची क्षमा मागून भरपाई दिली. खालेद अल-मसरी हा जर्मन नागरिक २००३ च्या अखेरच्या दिवशी मॅसिडोनियाच्या सीमेवर अडविला गेला, अमेरिकनांच्या हवाली होऊन अफगाणिस्तानात गेला, आणि काही महिन्यांनी अल्बेनियात सोडून देण्यात आला. चुकीचा माणूस पकडला होता. २०१२ मध्ये युरोपीय मानवाधिकार न्यायालयाने मॅसिडोनियाला दोषी धरले. न्यायाधीशापुढे एक तासभर उभे केले असते तरी यांतल्या कित्येक गोष्टी उघड झाल्या असत्या. पण तो तास टाळावा, हाच तर या वाटेने जाण्याचा हेतू.

आता पुन्हा आपल्या दिल्लीच्या स्थानकाकडे येऊ. याकूब मेमनला टाडा न्यायालयाने २००७ मध्ये फाशीची शिक्षा दिली, मार्च २०१३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती कायम केली. तो दिल्लीत कसा पोहोचला यावर त्याचा दोष ठरणार नव्हता, आणि ठरलाही नाही. जुलै २०१५ मध्ये, फाशीचा दिवस जवळ आला असता, एक जुना लेख प्रसिद्ध झाला. लेखक बी. रामन्. भारताच्या परदेशी गुप्तवार्ता खात्यात दहशतवादविरोधी कामाचे ते १९९४ साली प्रमुख होते. लेख त्यांनी २००७ मध्येच लिहून ठेवला होता, पण छापला नव्हता. २०१३ मध्ये ते निवर्तले. त्यांत त्यांनी लिहिले होते की, याकूबला नेपाळी पोलिसांच्या मदतीने काठमांडूत अनौपचारिकपणे उचलण्यात आले, मोटारीने भारताच्या हद्दीत आणले, तेथून सरकारी विमानाने दिल्लीला नेले आणि मग दिल्लीत रीतसर अटक दाखविली. आणि या कामाचे सूत्रसंचालन आपणच केले होते. याकूब कटात होता, याबद्दल रामन् यांना संशय नव्हता. परंतु हाती आल्यानंतर त्याने तपासाला साहाय्य केले आणि कुटुंबातल्या इतरांनाही परत येण्यास सांगितले, ही गोष्ट शिक्षा ठरविताना जमेस धरावयास हवी होती, असे त्यांचे मत होते.

लेखाचे महत्त्व मला दुसऱ्याही कारणाने वाटते. नेपाळशी आपला प्रत्यर्पणाचा करार १९५३ पासून आहे. करच्या मागे गेलेल्या माणसाप्रमाणे दिल्लीच्याही खिशात कागद होता. रामन् यांची हकिगत खरी धरली तर तो बाहेर काढला गेला नाही. आणि त्याचा परिणाम केवळ नेपाळच्या मानापमानापुरता नव्हता. हा माणूस कसा आला, कोणी आणला, त्याने काय कबूल केले, त्याला काय सांगितले गेले, हे सारे कागदावर येण्याची जी एकच जागा होती, ती म्हणजे काठमांडूचे न्यायालय. ते वगळल्यामुळे जे बोलणे झाले असेल ते दोन-चार अधिकाऱ्यांच्या स्मरणातच राहिले. स्मरणातली गोष्ट न्यायालयात पुरावा होत नाही. ३० जुलै २०१५ रोजी उत्तररात्री सर्वोच्च न्यायालयाचे दरवाजे उघडून अखेरची सुनावणी झाली, आणि त्याच सकाळी नागपूरच्या तुरुंगात शिक्षेची अंमलबजावणी झाली.

सावरकर आणि याकूब मेमन यांची तुलना मी करतो आहे, असे कृपया कोणी समजू नये. एकाच्या मागे पारतंत्र्यातला देश होता, दुसऱ्याच्या नावामागे २५७ निरपराध माणसांची प्रेते. तुलना माणसांची नाही, वाटेची आहे. आणि वाटेवरून कोण चालतो आहे हे वाटेला कधीच कळत नाही.

याच मुंबई स्फोटांतला आणखी एक आरोपी दुसऱ्या वाटेने आला. अबू सालेम सप्टेंबर २००२ मध्ये पोर्तुगालची राजधानी लिस्बन येथे पकडला गेला. पोर्तुगालशी तेव्हा आपला प्रत्यर्पण करारही नव्हता, आणि तेथील कायदा फाशी किंवा आजन्म कारावास होईल अशा ठिकाणी माणूस देऊ देत नव्हता. म्हणून डिसेंबर २००२ मध्ये उपपंतप्रधान लालकृष्ण अडवाणी यांनी भारत सरकारच्या वतीने लेखी हमी दिली की, त्याला फाशी होणार नाही आणि पंचवीस वर्षांहून अधिक कैद होणार नाही. तेथल्या न्यायालयांत प्रकरण तीन वर्षे चालले. येथे त्या विलंबाचा पुष्कळांना राग आला होता. नोव्हेंबर २००५ मध्ये सालेम भारतात आला. पुढे त्याच्यावर काही जादा आरोप ठेवले गेले, तेव्हा लिस्बनच्या न्यायालयाने २०११ मध्ये हमीचा भंग झाल्याचे ठरविले. आपल्या सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मध्ये ते जादा आरोप मागे घेण्यास परवानगी दिली. सप्टेंबर २०१७ मध्ये मुंबईच्या टाडा न्यायालयाने त्याला जन्मठेप दिली.

जन्मठेप म्हणजे किती वर्षे, असा प्रश्न मग दिल्लीत आला. ११ जुलै २०२२ रोजी सर्वोच्च न्यायालयाने निकाल दिला : देशाने दिलेला शब्द सरकारवर बंधनकारक आहे, पंचवीस वर्षे पुरी होताच केंद्र सरकारने राष्ट्रपतींना सल्ला देऊन त्याच्या सुटकेची व्यवस्था केली पाहिजे. ही वर्षे केव्हापासून मोजावयाची तेही निकालात नमूद केले आहे : १२ ऑक्टोबर २००५ पासून.

त्याच गुन्ह्यातल्या दुसऱ्या आरोपीच्या अटकेला मात्र अद्याप दोन तारखा आहेत. सीबीआयच्या कागदावर ५ ऑगस्ट, नवी दिल्ली स्थानक. आणि त्याच्या स्वतःच्या सांगण्याप्रमाणे २८ जुलै, काठमांडू.